बोर्गी मावशी

काकूंच्या पलंगाखाली एक पत्र्याची ट्रंक आहे. कलकत्त्याहून पुण्याला बिऱ्हाड हलवलं तेव्हा अर्धंअधिक सामान वाटून टाकलं, पण ही ट्रंक मात्र सोबत आली. तिच्यात एक ढाकाई साडी, मुलांची जुनी प्रगतिपुस्तकं आणि सुतळीने बांधलेली पत्रांची एक थप्पी आहे. वर्षानुवर्षं ती कुणी उघडत नव्हतं.

ऑगस्ट २०२४ मध्ये ती उघडली गेली. टीव्हीवर ढाक्याची दृश्यं चालली होती. शेख हसीना देश सोडून भारतात आल्या होत्या आणि त्यांचे वडील शेख मुजीब यांचं धानमंडीतलं ३२ नंबरचं घर जळताना दिसत होतं. काकू चष्मा काढून पदराने पुसत होत्या, पुन्हा घालत होत्या. अठ्ठ्याऐंशीच्या घरातलं वय. नातवाला वाटलं, आजीला नीट दिसत नाही.

"आजी, तू तेव्हा कलकत्त्यातच होतीस ना? हा देश झाला तेव्हा?"

"आधी ती ट्रंक ओढ," काकू म्हणाल्या.

थप्पीतलं पहिलं पाकीट बेळगावचं निघालं. काकूंच्या वडिलांनी डिसेंबर १९७१ मध्ये पाठवलेलं. त्यावर नेहमीच्या तिकिटाशेजारी पाच पैशांचं आणखी एक तिकीट होतं आणि त्यावर इंग्रजीत 'रेफ्यूजी रिलीफ' असं छापलेलं होतं. नातवाला ते काय, हे कळेना. मग काकूंनी सांगितलं. १५ नोव्हेंबर १९७१ पासून पोस्टकार्डं आणि वर्तमानपत्रं सोडून सगळ्या टपालावर हे जादा तिकीट लावावं लागे. पूर्व पाकिस्तानातून जवळजवळ एक कोटी माणसं भारतात आली होती. त्यांच्या अन्नपाण्यासाठी सरकार लोकांकडून पाच-पाच पैसे गोळा करीत होतं. बेळगावच्या निवृत्त शिक्षकाने मुलीला खुशालीचं पत्र धाडलं, तरी त्यातले पाच पैसे कुठल्याशा तंबूतल्या पोराच्या भातासाठी जात.

"आणि त्यातलं एक पोर," काकू म्हणाल्या, "आपल्या घरी होतं."

काका दक्षिण-पूर्व रेल्वेच्या गार्डन रीचच्या कचेरीत होते. बिऱ्हाड भवानीपूरला, हाजरा रोडपासून चालण्याच्या अंतरावर. त्याच रस्त्यावर महाराष्ट्र निवास. गणपतीचे दहा दिवस आणि संक्रांतीचं हळदीकुंकू तिथे होई, म्हणून परगावी आल्यासारखं फारसं वाटत नसे. घराच्या मालकीणबाई मूळच्या पूर्व बंगालातल्या, बारिसालच्या. फाळणीनंतर सगळं सोडून आलेल्या. त्यांना सारी गल्ली 'मासीमा' म्हणे, काकूही म्हणू लागल्या.

पहिल्या दिवशीच मासीमांनी विचारलं होतं, "म्हणजे तुम्ही बोर्गींच्या देशातल्या?"

काकूंना आधी कळलंच नाही. मग समजलं, तेव्हा वाईट वाटलं. आपल्याकडे बारगीर म्हणजे सरकारी घोड्यावर बसणारा साधा स्वार. नागपूरकर रघूजी भोसल्यांचे सरदार भास्करराम कोल्हटकर १७४२ साली बंगालवर चालून गेले आणि पुढची नऊ-दहा वर्षं त्या मुलखात मराठ्यांच्या स्वाऱ्या होत राहिल्या. चौथाईसाठी गावंच्या गावं लुटली गेली. भागीरथीच्या पश्चिमेची माणसं पोरंबाळं घेऊन पूर्वेला पळाली, कलकत्त्यात शिरली. इंग्रजांनी शहराभोवती खंदक खणायला घेतला, त्याचं नावच 'मराठा डिच'. पुढे तो बुजवला आणि त्या मार्गावर सर्क्युलर रोड झाला. खंदक गेला तरी शब्द राहिला. बंगाली आया अजून मुलांना निजवताना बोर्गी आल्याची भीती घालतात. शाळेत अटकेपार झेंडे शिकलेल्या काकूंना हे कुणी सांगितलंच नव्हतं.

"मी काही घोड्यावरून आले नाही मासीमा, रेल्वेच्या पासावर आले," काकू म्हणाल्या. मासीमा पोट धरून हसल्या. तेवढ्यावर ते मिटलं.

१९७१ चा मार्च उजाडला तो रेडिओला कान लावून. मासीमांचं पूर्व बंगालशी नातं घराण्याचं, आणि काकूंना उत्सुकता वेगळीच. डिसेंबर १९७० मध्ये पाकिस्तानात सार्वत्रिक निवडणूक झाली होती. तीनशे जागांपैकी पूर्व भागातल्या १६२. त्यांतल्या १६० शेख मुजीब यांच्या अवामी लीगने जिंकल्या. म्हणजे साऱ्या पाकिस्तानात स्पष्ट बहुमत. रीतीप्रमाणे मुजीब पंतप्रधान व्हायचे. पण ३ मार्चला भरायची असेंब्ली याह्याखानांनी १ मार्चला पुढे ढकलली. २५ मार्चच्या रात्री ढाक्यात रणगाडे रस्त्यावर आले. विद्यापीठाच्या वसतिगृहांत मुलं मारली गेली, मुजीबना पकडून पश्चिम पाकिस्तानात नेलं. २६ मार्चला स्वातंत्र्याची घोषणा झाली.

मासीमा त्या रात्री जेवल्या नाहीत. त्यांची एक भाची खुलन्याच्या बाजूला, बागेरहाटजवळच्या खेड्यात दिलेली होती.

एप्रिलमध्ये कलकत्त्याचा नूर पालटला. १७ तारखेला सीमेपलीकडच्या एका आमराईत, मेहेरपूरजवळ, बांगलादेशच्या हंगामी सरकारने शपथ घेतली. त्या जागेला मुजीबनगर नाव मिळालं. दुसऱ्याच दिवशी सर्कस अॅव्हेन्यूवरच्या पाकिस्तानी उपउच्चायुक्तालयात नवल घडलं. उपउच्चायुक्त हुसेन अली यांनी आपल्या बंगाली सहकाऱ्यांसह नव्या सरकारशी निष्ठा जाहीर केली आणि पाकिस्तानचा झेंडा उतरवून बांगलादेशचा चढवला. काका कचेरीतून येताना वाट वाकडी करून तो झेंडा पाहून आले. हिरव्यावर लाल गोळा आणि त्यात पूर्व बंगालचा पिवळा नकाशा. त्या रस्त्याला पुढे बंगबंधू शेख मुजीब सरणी हे नाव मिळालं.

सरकारचा कारभार आठ नंबर थिएटर रोडवरून चाले. तो रस्ता आता शेक्सपिअर सरणी, आणि ते घर श्रीअरविंद भवन. पंतप्रधान ताजुद्दीन अहमद तिथेच कचेरीलगतच्या खोलीत राहत, स्वतःचे कपडे स्वतः धूत. देश स्वतंत्र होईपर्यंत घरी संसारात राहायचं नाही, असं त्यांनी ठरवलं होतं, आणि बायकामुलं त्याच शहरात होती. ही गोष्ट बायकांच्या तोंडी फार लवकर पसरली. काकूंना कौतुक वाटलं आणि त्यांच्या बायकोसाठी हुरहूरही.

मेच्या अखेरीला एका दुपारी जिन्यात आवाज आला. मासीमांची भाची दारात उभी होती. कडेवर दीड वर्षाची मुलगी, मागे भिंतीला टेकलेली सासू. पायांना फडकी बांधलेली. तिघींच्या मिळून सामानात एक पितळी तांब्या आणि एक गाठोडं.

त्यांची हकीगत तुकड्यातुकड्यांनी बाहेर आली. नवरा मुक्तिवाहिनीत गेलेला. गावातली घरं जळू लागली तशी मंडळी बोटीने निघाली. चुकनगरच्या बाजाराशी हजारो माणसं गोळा झाली होती. तिथून पायी सातखिऱ्याच्या वाटेने सीमा गाठायची. सासऱ्यांचा भाऊ मागच्या बोटीत होता. सासरे म्हणाले, "तुम्ही या घोळक्याबरोबर पुढे व्हा, मी त्याला घेऊन येतो." बायका १९ तारखेला पुढे निघाल्या. २० मेला चुकनगरला सैन्य आलं आणि त्याने त्या गर्दीवर गोळीबार केला. काही तासांत हजारो माणसं पडली. ही बातमी त्यांना बशीरहाटला कळली. सासरे आले नाहीत.

सासूबाई रडल्या नाहीत. त्यांना सगळे छोटीच्या नात्याने 'ठाकुमा' म्हणू लागले, म्हणजे बापाची आई. नवीन कुणी पलीकडून आलं असं कळलं की त्या जाऊन विचारत, "चुकनगरच्या वाटेने आलात का?"

मासीमांच्या दोन खोल्यांत आधीच सात माणसं. काकूंनी काकांकडे पाहिलं. काका म्हणाले, "मुलांची पुस्तकं स्वयंपाकघरात हलवू." पुढची खोली त्या तिघींना मिळाली. काकूंचं म्हणणं, त्यात मोठेपणा काही नव्हता. तेव्हा साऱ्या शहरात हेच चाललं होतं. पश्चिम बंगालमध्ये सत्तर लाखांवर माणसं आली होती. सॉल्ट लेकला, जिथे पुढे बंगल्यांची वसाहत उठली, त्या रेताड मोकळ्या जागेत लाखाहून अधिक माणसांची छावणी होती. गटारांसाठी आणलेल्या सिमेंटच्या मोठाल्या नळ्यांत माणसं संसार मांडून होती. महाराष्ट्र निवासातल्या बायकांबरोबर काकू जुने कपडे घेऊन तिथे गेल्या होत्या. एका नळीच्या तोंडाशी कुणीतरी तुळस लावलेली त्यांनी पाहिली. ती त्यांना कधी विसरता आली नाही.

जुलैत पाऊस लागला आणि छावण्यांतून कॉलरा पसरला होता, त्याची भीती गल्लीत आली. एका संध्याकाळी छोटीला जुलाब सुरू झाले. तिला सगळे 'खुकू' म्हणत. बंगालीत लहान मुलीला म्हणतातच तसं. दोन तासांत खुकूचे डोळे खोल गेले, जीभ कोरडी पडली. बाहेर पावसाने गुडघाभर पाणी. त्या वर्षी नक्षलवाद्यांच्या आणि पोलिसांच्या चकमकींमुळे अंधार पडल्यावर टॅक्सीवाला यायला राजी नसे.

मासीमांचा एक पुतण्या डॉक्टरी शिकत होता आणि बनगावच्या छावणीत मदतीला जाऊन आला होता. तो धावत आला. त्याने मुलीच्या पोटाची कातडी चिमटीत धरून पाहिली आणि म्हणाला, "सलाइन मिळायची वाट पाहू नका. बनगावला आम्ही करतो तेच करू."

बनगावच्या त्या छोट्या रुग्णालयात डॉ. दिलीप महालनबीस नावाचे बालरोगतज्ज्ञ काम करीत होते. रोगी जमिनीवर दाटीवाटीने पडलेले आणि शिरेतून द्यायचं सलाइन संपत आलेलं. तेव्हा त्यांनी एक लिटर पाण्यात २२ ग्रॅम ग्लुकोज, साडेतीन ग्रॅम मीठ आणि अडीच ग्रॅम खाण्याचा सोडा असं मिश्रण पिंपांत कालवून रोग्यांच्या नातेवाइकांनाच पाजायला सांगितलं. साखरेबरोबर मीठ आतड्यात शोषलं जातं आणि त्याबरोबर पाणीही, हे प्रयोगांनी कळलेलं होतं. पण असं आयांच्या हाती सोपवण्याचं धाडस एवढ्या मोठ्या प्रमाणावर कुणी केलं नव्हतं. जिथे शंभरातले वीस-तीस दगावत होते, तिथे हे पाणी दिल्यावर चारसुद्धा दगावेनात. पुढे साऱ्या जगाने ही रीत उचलली. आपल्याकडे 'जलसंजीवनी' म्हणून पाकिटं मिळतात, त्यांच्यामागे बनगावची ती पिंपं आहेत. महालनबीस २०२२ मध्ये गेले आणि २०२३ मध्ये त्यांना मरणोत्तर पद्मविभूषण मिळालं.

त्या रात्री काकूंना यातलं काही ठाऊक नव्हतं. पुतण्याने मापून पुड्या दिल्या आणि सांगितलं, "चमचा-चमचा द्या. ओकली तर दहा मिनिटं थांबा, पुन्हा द्या. थांबू नका."

भाची तीन दिवस झोपली नव्हती, चमचा हातातून गळू लागला. काकूंनी खुकूला मांडीवर घेतलं. चमच्यामागून चमचा. रात्री दोनच्या सुमारास मुलीने शू केली, तेव्हा ठाकुमांनी कपाळाला हात लावून देवाचं नाव घेतलं. भाची शेजारी बसून पेंगुळल्या आवाजात अंगाई म्हणू लागली. तीच, बोर्गींची. दोन ओळी झाल्या आणि ती एकदम थांबली. मुलगी कुणाच्या मांडीवर आहे, ते तिच्या ध्यानात आलं होतं.

"दीदी, चुकलं," ती म्हणाली.

"म्हण गं," काकू म्हणाल्या. "तिला सवय आहे त्याची. ती झोपते आहे."

ठाकुमा कोपऱ्यातून हळूच म्हणाल्या, "तेव्हा बोर्गी आले म्हणून आमचे कुणी पूर्वज पूर्वेला गेले असतील. आता पूर्वेहून आलो तर बोर्गीच्याच घरात."

त्या दिवसापासून काकू त्या घरात 'बोर्गी मासी' झाल्या. खुकू बोलायला लागली ती ते नाव घेऊनच. दोनशेतीस वर्षांची भीती एका पोरीच्या बोबड्या तोंडी लाडाची झाली.

खुकू हिंडूफिरू लागली तशी रात्री जेवणं झाल्यावर सगळे रेडिओभोवती बसत. 'स्वाधीन बांगला बेतार केंद्र' २५ मेपासून बालीगंज सर्क्युलर रोडवरच्या एका घरातून कार्यक्रम तयार करीत होतं. एम. आर. अख्तर मुकुल त्यावर 'चरमपत्र' वाचत, ढाक्याकडच्या अस्सल बोलीत पाकिस्तानी फौजेची टर उडवत. ठाकुमा त्या वेळेपुरत्या हसत. आकाशवाणी कलकत्त्यावर देवदुलाल बंद्योपाध्याय यांचा भारदस्त आवाज लागला की गल्ली चिडीचूप होई.

अशाच एका रात्री भाचीने काकूंना विचारलं, "दीदी, तुमच्याकडेही भाषेवरून भांडणं झाली म्हणे?"

काकूंनी सांगितलं. १९५५-५६ मध्ये मुंबईसह महाराष्ट्रासाठी लोक रस्त्यावर आले, शंभराहून अधिक माणसं गोळ्यांना बळी पडली. १ मे १९६० ला राज्य मिळालं, पण काकूंचं माहेर त्यात आलं नाही. बेळगाव १९५६ पासून म्हैसूर राज्यात. वडील मराठी शाळेत शिकवलेले, दर वर्षी अर्ज लिहीत, सभांना जात, मोर्च्यात चालत. निकाल काही लागत नव्हता.

"मग तुमच्या वडिलांना वेगळा देश नाही हवासा वाटला?"

काकू चमकल्या. हा विचार त्यांच्या मनाला कधी शिवलाच नव्हता. बाबांच्या तोंडून त्यांनी दिल्लीला कितीतरी शिव्या ऐकल्या होत्या, पण १५ ऑगस्टला सगळ्यांत आधी अंगणात उभे राहत ते बाबाच. त्या काही उत्तर देऊ शकल्या नाहीत. काका मात्र बोलले.

"आमचा अर्ज कुणी फेकला तर दुसरा लिहिता येतो. निवडणूक हरलो तर पुढची लढता येते, आणि जिंकलो तर जिंकलेलं मोजलं जातं. तुमचं जिंकलेलंच मोजलं नाही."

पूर्व बंगालच्या माणसांनीही पहिल्याच दिवशी वेगळं व्हायचं म्हटलं नव्हतं. पाकिस्तान व्हावा म्हणून मतं देणाऱ्यांत तेच पुढे होते. १९४८ च्या मार्चमध्ये जीनांनी ढाक्यात येऊन राज्यभाषा उर्दू आणि उर्दूच असेल असं सांगितलं, तेव्हा देशातल्या निम्म्याहून अधिक लोकांची भाषा बंगाली होती. २१ फेब्रुवारी १९५२ ला ढाक्यात भाषेसाठी निघालेल्या मुलांवर गोळ्या झाडल्या गेल्या. १९५६ च्या घटनेत बंगालीला जागा मिळाली, पण तोवर मन विटलं होतं. ताग पिके पूर्वेला, त्याच्या परदेशी चलनातला मोठा वाटा खर्च होई सोळाशे किलोमीटर लांबच्या पश्चिम भागात. १९६६ मध्ये मुजीबनी सहा कलमं मांडली, तीही एकाच संघराज्यातल्या अधिकारांची. नोव्हेंबर १९७० च्या चक्रीवादळात तीन लाखांवर माणसं गेली आणि मदत रेंगाळली. त्यानंतर ते निवडणूक जिंकले आणि त्यावर रणगाडे आले. घर सोडून जायची भाषा माणूस सगळ्यांत शेवटी बोलतो. त्याआधी तो पुष्कळ वर्षं दार ठोठावत असतो.

३ डिसेंबरला इंदिरा गांधी कलकत्त्यात ब्रिगेड मैदानावर सभा घेत होत्या. त्याच संध्याकाळी पाकिस्तानी विमानांनी पश्चिमेकडच्या विमानतळांवर हल्ला केला आणि युद्ध पेटलं. शहरात ब्लॅकआउट. काचांना कागद चिकटवलेले, कंदिलाला काळं फडकं. ६ डिसेंबरला भारताने बांगलादेशला मान्यता दिली. १६ ला ढाक्याच्या रेसकोर्स मैदानावर जनरल नियाझींनी जनरल अरोरा यांच्यापुढे शरणागतीवर सही केली. सुमारे ९३,००० जण युद्धकैदी झाले. गल्लीत घरोघर शंख वाजले. भाचीने खुकूला वर उचलून धरलं. ठाकुमा मात्र रेडिओ बंद झाल्यावरही त्याच्याकडे बघत बसल्या होत्या.

जानेवारीत भाचीचा नवरा आला. दाढी वाढलेली, डाव्या पायाने लंगडत. खुकू त्याला पाहून काकूंच्या मागे लपली. मुजीब १० जानेवारी १९७२ ला ढाक्यात पोहोचले, ६ फेब्रुवारीला कलकत्त्यात ब्रिगेड मैदानावर येऊन बोलले. निर्वासितांच्या गाड्या परत निघाल्या होत्या. मार्चअखेर बहुतेक छावण्या रिकाम्या झाल्या.

मासीमांना वाटत होतं, यांनी इथेच राहावं. घर जळलं आहे, जमीन कुणी बळकावली असेल, जावयाला इथे काहीतरी काम पाहता येईल. काकूंनाही तेच वाटत होतं, खुकूसाठी. जावईही दोलायमान होता. सगळे बोलून झाल्यावर ठाकुमा म्हणाल्या, "मी जाणार."

"तिथे काय राहिलंय ठाकुमा?" काकूंनी विचारलं.

"ते आले तर त्यांना तो पत्ता ठाऊक आहे, बौमा. इथला नाही."

त्यावर कुणाला काही बोलता आलं नाही. देशासाठी माणसं परत जातात, भाषेसाठी जातात, जमिनीसाठी जातात, असं वर्तमानपत्रांत येत होतं. म्हातारी पत्त्यासाठी गेली. सियालदहहून हसनाबाद लोकलने बशीरहाट, आणि पुढे आल्या वाटेने उलट. जाताना भाचीने पितळी तांब्या काकूंना दिला. काकूंनी तो घेतला नाही. "तो तिकडचा आहे, तिकडेच राहू दे," म्हणाल्या.

पत्रं येत राहिली. पहिल्या काही पत्रांवर नव्या देशाची तिकिटं बघायला काकूंची मुलं भांडत. पण पत्रांतला सूर हळूहळू उतरत गेला. १९७४ मध्ये दुष्काळ. १५ ऑगस्ट १९७५ ला मुजीबांची सहकुटुंब हत्या. त्याच वर्षी ३ नोव्हेंबरला ताजुद्दीन अहमद ढाक्याच्या तुरुंगात मारले गेले. थिएटर रोडवर स्वतःचे कपडे धुणाऱ्या माणसाचा शेवट वाचून काकूंना पहिली आठवण झाली ती त्यांच्या बायकोची.

आणखी एक गोष्ट भाचीनेच एका पत्रात लिहिली होती. त्यांच्या शहरात उर्दू बोलणारी कुटुंबं होती, बिहारातून फाळणीच्या वेळी गेलेली. त्यांतल्या पुष्कळांनी पाकिस्तानची बाजू घेतली होती. स्वातंत्र्यानंतर त्यांच्यावर सूड उगवला गेला आणि जी उरली ती छावण्यांत कोंडली गेली. 'दीदी, त्यांची पोरंही खुकूएवढीच आहेत,' एवढंच वाक्य. त्या छावण्यांत जन्मलेल्यांना नागरिक मानायला २००८ साल उजाडलं, तेही न्यायालयाच्या निकालाने. चितगावच्या डोंगरांतल्या चकमा आणि इतर लोकांनी नव्या देशात आपलं वेगळेपण मागितलं, तेव्हा त्यांनाही बंगाली व्हा असंच सांगण्यात आलं. तिथे बंदुका उठल्या आणि करार व्हायला डिसेंबर १९९७ उजाडावं लागलं. स्वतःचं दार न उघडल्याने वेगळा झालेला देश दुसऱ्याचं दार ठोठावणं ऐकायला शिकतोच असं नाही. काकूंना बेळगावच्या वडिलांची आठवण येई. ते म्हणत, अल्पसंख्याकाचं दुःख कळायला अल्पसंख्य व्हावं लागतं, आणि बहुसंख्य झालं की ते विसरायला एक वर्ष पुरतं.

१९९९ मध्ये युनेस्कोने २१ फेब्रुवारी हा मातृभाषा दिन ठरवला. त्याच वर्षी कलकत्ता-ढाका बस सुरू झाली आणि खुकू आपल्या नवऱ्याबरोबर कलकत्त्याला आली. काका तेव्हा निवृत्त झाले होते, पुण्याची बांधाबांध चालली होती. ती शाळेत शिक्षिका झाली होती. येताना तिने ढाकाई साडी आणली, तीच ती ट्रंकेतली. ठाकुमा १९८८ मध्ये गेल्या. शेवटपर्यंत संध्याकाळी दाराशी कंदील ठेवीत, असं तिने सांगितलं. सासरे आले नाहीत.

एवढं सांगून होईपर्यंत टीव्हीवरच्या बातम्या संपल्या होत्या. नातवाने विचारलं, "मग आता ती कुठे आहे? खुकू?"

"खुलन्यात. फोन लागत नाहीये दोन दिवस."

फोन तिसऱ्या दिवशी लागला. आधी नातवाने धरला, मग काकूंच्या कानाशी दिला. पलीकडे पंचावन्न वर्षांची बाई 'बोर्गी मासी' म्हणाली आणि क्षणभर दोघीही गप्प. मग तिने सांगितलं, आम्ही ठीक आहोत. गल्लीतली मुसलमान मुलं रात्री आळीपाळीने आमच्या दाराशी आणि मंदिराशी पहारा देत आहेत. त्यांतली काही माझीच विद्यार्थी आहेत. भीती वाटते, पण शाळा उघडली की जाणार.

"इकडे ये काही दिवस," काकू म्हणाल्या.

"गाड्या बंद आहेत मासी," ती हसली. खरंच, कलकत्त्याहून ढाका-खुलन्याला जाणाऱ्या गाड्या जुलैतच थांबल्या होत्या. मग थोडं थांबून म्हणाली, "आणि मी निघून आले, तर मुलं येतील कुठे? त्यांना हाच पत्ता ठाऊक आहे."

काकूंनी फोन ठेवला. पाच पैशांचं तिकीट लावलेलं पाकीट त्यांनी पुन्हा थप्पीत घातलं आणि सुतळी बांधली. मग नातवाला म्हणाल्या, "ट्रंक आत सारू नकोस. आता राहू दे बाहेरच."